रील्स यायच्या सत्तर वर्षं आधी फक्त ‘स्वतः’ म्हणून फेमस झालेला माणूस : गिल्बर्ट हार्डिंग

फोन समोर धरायचा, कॅमेरा ऑन करायचा आणि बोलायला लागायचं. गाता येत नसलं तरी चालतं, अभिनय येत नसला तरी चालतं. माणूस ओरिजिनल वाटला म्हणजे झालं. आज हे इतकं रोजचं झालंय की ही कल्पना स्मार्टफोनसोबतच जन्माला आली असं आपण धरून चालतो. पण तसं नाहीये. १९५० च्या दशकात ब्रिटनमध्ये एक माणूस केवळ स्वतः म्हणून पडद्यावर येत राहिला आणि देशातल्या सगळ्यात ओळखीच्या चेहऱ्यांपैकी एक होऊन बसला. त्याचं नाव गिल्बर्ट हार्डिंग.

मी व्हिडिओ प्लेअरवर काम करणाऱ्या एका टीममध्ये सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. प्रेक्षक कुठल्या सेकंदाला थांबला, कुठे मागे जाऊन परत बघितलं, कुठे सोडून गेला, याचे ग्राफ मी रोज बघतो. म्हणून हार्डिंगबद्दल वाचताना मला त्याच्या स्वभावापेक्षा एक वेगळाच प्रश्न पडला. कॅमेऱ्याने या माणसातलं नेमकं काय उचललं, आणि काय फ्रेमच्या बाहेर ठेवलं? त्याची गोष्ट या प्रश्नाच्या अंगाने सांगतो.

टीव्हीच्या आधीची चाळीस वर्षं

गिल्बर्टचा जन्म ५ जून १९०७ रोजी इंग्लंडमधल्या हेरफर्डला झाला, तोही एका वर्कहाऊसमध्ये. वर्कहाऊस म्हणजे ज्यांना कुठलाच आधार नाही अशा गोरगरिबांना कामाच्या बदल्यात छप्पर आणि दोन घास देणारी जागा. त्याचे आई-वडील तिथे आश्रयाला आले नव्हते, ती जागा चालवायची नोकरी करत होते. पण गिल्बर्ट अगदी लहान असतानाच वडील गेले. एकट्या आईच्या कमाईत भागेना, म्हणून त्याला वुल्व्हरहॅम्प्टनच्या रॉयल ऑर्फनेज नावाच्या अनाथाश्रमाच्या शाळेत ठेवावं लागलं. आई हयात, आणि मुलगा अनाथाश्रमात. आईवरची त्याची माया पुढे आयुष्यभर टिकली. ही गोष्ट लक्षात ठेवा, कारण शेवटी ती परत येणार आहे.

मुलगा हुशार होता. केंब्रिजच्या क्वीन्स कॉलेजपर्यंत पोचला. त्यानंतरचा त्याचा बायोडेटा बघितला तर एचआरवाले चक्रावतील. आधी चर्चमध्ये पाद्री व्हायचं ठरवलं, मग ते सोडून कॅथलिक पंथ स्वीकारला. कॅनडात शिकवलं, फ्रान्समध्ये शिकवलं. ब्रॅडफर्डमध्ये पोलीस म्हणून काम केलं. सायप्रसमध्ये शिक्षक झाला आणि तिथूनच ‘द टाइम्स’साठी बातम्याही पाठवल्या. परत येऊन वकिलीचा अभ्यास सुरू केला, तेवढ्यात १९३९ साली दुसरं महायुद्ध सुरू झालं.

युद्धाने त्याला बीबीसीत आणलं, पण मायक्रोफोनसमोर नाही. त्याची नेमणूक झाली मॉनिटरिंग सर्व्हिसमध्ये. परदेशी रेडिओ केंद्रं काय बोलतायत ते ऐकायचं आणि कळवायचं, असं या विभागाचं काम होतं. पुढे बीबीसीतर्फे काही वर्षं तो कॅनडात होता. युद्धानंतर ‘राउंड ब्रिटन क्विझ’ आणि ‘ट्वेंटी क्वेश्चन्स’ अशा रेडिओ कार्यक्रमांतून त्याचा आवाज घराघरात गेला. चेहरा मात्र अजून कुणी पाहिला नव्हता.

हो किंवा नाही

१६ जुलै १९५१ ला बीबीसी टीव्हीवर ‘व्हॉट्स माय लाइन?’ सुरू झालं. फॉरमॅट अमेरिकेतून आणलेला. खेळ अगदी साधा. एक पाहुणा येतो, सही करतो, आपल्या कामाचा थोडासा मूकाभिनय करून दाखवतो. मग चार जणांचं पॅनल प्रश्न विचारून त्याचा व्यवसाय ओळखायचा प्रयत्न करतं. उत्तर फक्त हो किंवा नाही. दहा वेळा नाही आलं की पाहुणा जिंकला, आणि बक्षीस काय तर एक प्रमाणपत्र. पाहुणेही मजेदार असायचे. ‘सॅगर मेकर्स बॉटम नॉकर’ असं हुद्द्याचं नाव असलेला पाहुणा तर तिथे दंतकथाच झाला. चिनी मातीची भांडी भट्टीत भाजताना ती ज्या जाड मातीच्या डब्यात ठेवतात त्याला सॅगर म्हणतात. त्या डब्याचा तळ ठोकून बनवणारा, तो हा कामगार.

कॉम्प्युटरच्या भाषेत बघितलं तर हा खेळ म्हणजे एकेक बिट माहिती गोळा करण्याचा आहे. प्रत्येक स्पष्ट हो-नाही शक्यतांचे दोन भाग करतं. प्रश्न चांगले असतील तर अशा वीस उत्तरांत १०,४८,५७६ शक्यतांमधून एक वेगळी काढता येते. पण उत्तर गुळमुळीत आलं, हो पण नाही पण असं झालं, की त्या प्रश्नातून काहीच हाती लागत नाही. नेमक्या याच गोष्टीवर हार्डिंग भडकायचा. आयुष्याची बरीच वर्षं शिकवण्यात गेलेल्या या माणसाला ढिसाळ भाषा सहन व्हायची नाही. नीट उत्तर न देणाऱ्या एका पाहुण्याला तर त्याने तोंडावर सांगितलं की तुमच्याकडे बघून मला आता कंटाळा आलाय.

आज हे ऐकून तुम्ही खांदे उडवाल. पण तेव्हाच्या बीबीसीवर लोक इस्त्रीचे कपडे घालून इस्त्रीच्या भाषेत बोलायचे. तिथे कुणीतरी खरोखर चिडतंय, हे प्रेक्षकांनी पहिल्यांदाच बघितलं.

एडिट नाही, रीटेक नाही

आता जरा तंत्राकडे बघूया, कारण त्याशिवाय हार्डिंग समजणार नाही.

हा कार्यक्रम लाइव्ह जायचा. मोठेपणा म्हणून नाही, तर दुसरा सोयीचा मार्गच नव्हता म्हणून. व्हिडिओ टेप तेव्हा बाजारात आलेली नव्हती. अ‍ॅम्पेक्स कंपनीचं पहिलं व्यवहारात वापरता येईल असं यंत्र आलं १९५६ मध्ये. बीबीसीने स्वतः बनवलेलं ‘वेरा’ नावाचं यंत्र लोकांसमोर आलं १९५८ मध्ये, आणि त्यात टेप सेकंदाला पाच मीटर वेगाने पळायची. त्याआधी एखादा कार्यक्रम जपायचाच असेल तर टीव्हीच्या पडद्यासमोर फिल्मचा कॅमेरा लावून शूटिंग करावं लागे. म्हणजे आपण एखाद्याच्या फोनवरचा व्हिडिओ दुसऱ्या फोनने शूट करतो ना, तसंच. हे खर्चिक काम होतं, त्यामुळे दर आठवड्याच्या खेळासाठी कोण करणार?

लाइव्हचा पहिला फटका हार्डिंगलाच बसला. सुरुवातीला तो पॅनलवर नव्हता. सूत्रसंचालन त्याने आणि एमन अँड्र्यूजने आलटून पालटून करावं, असं ठरलं होतं. दुसरा भाग हार्डिंगचा होता. त्यात पाहुण्यांच्या माहितीची अदलाबदल झाली, आणि समोर मोटार मेकॅनिक बसलेला असताना हार्डिंग त्याला पुरुष नर्स समजून खेळ चालवत राहिला. बरोबर उत्तरं चुकीची ठरायला लागली. सगळा घोळ देशासमोर, त्या क्षणी. त्यानंतर सूत्रसंचालन अँड्र्यूजकडे गेलं आणि हार्डिंग पॅनलच्या खुर्चीत बसला. हीच खुर्ची त्याला प्रसिद्धी देणार होती.

दुसरी गोष्ट पडद्याची. तुमच्या फोनवरच्या फुल एचडी व्हिडिओत १०८० आडव्या रेषा असतात. तेव्हाच्या ब्रिटिश टीव्हीत ४०५ होत्या. चित्र ब्लॅक अँड व्हाइट आणि पडदा लहान. एवढ्याशा पडद्यावर दहा माणसांचं दृश्य दाखवलं तर कोण काय करतंय ते कळायचं नाही. क्लोजअप मात्र झकास दिसायचा. आणि हार्डिंगचा चेहरा जणू क्लोजअपसाठीच बनला होता. जाड फ्रेमचा चष्मा, मिशी, आठ्या पडलेलं कपाळ. राग येतोय हे तोंड उघडायच्या आधीच दिसायचं.

अल्गोरिदम नव्हता, पण लूप होता

हार्डिंग चिडला की वर्तमानपत्रांत छापून यायचं. मग पुढच्या वेळी आणखी लोक तो चिडतो का हे बघायला बसायचे. बीबीसीला तक्रारींची पत्रं जायची, त्याचीही बातमी व्हायची. लोक त्याला ब्रिटनमधला सगळ्यात उद्धट माणूस म्हणायला लागले. वर्तमानपत्रात सदर, जाहिराती, भाषणांची आमंत्रणं, सगळं मागोमाग आलं.

त्यात टीव्हीचा पसारा झपाट्याने वाढत होता. १९५० साली ब्रिटनमध्ये टीव्हीचे परवाने साडेतीन लाखांच्या आत होते, १९६० मध्ये ते एक कोटीच्या वर गेले. सप्टेंबर १९५५ पर्यंत चॅनल एकच होतं. म्हणजे बघणारे वाढतायत आणि बघायला पर्याय नाही. एखाद्या चेहऱ्याला यापेक्षा मोठा रीच मिळणं अवघड आहे. आपल्याकडे दिल्लीत प्रायोगिक टीव्ही सुरू झाला १९५९ मध्ये, आणि मुंबईकरांना तर १९७२ पर्यंत थांबावं लागलं.

रेकमेंडेशन सिस्टीम कशी चालते हे मी बऱ्याच जणांना समजावलंय. सिस्टीमला माणूस कळत नाही, सिग्नल कळतो. ज्या क्षणाला प्रतिसाद जास्त, तसाच क्षण पुन्हा मागितला जातो. हार्डिंगच्या बाबतीत हे काम कोडने नाही, तर पत्रं, मथळे आणि निर्मात्यांनी केलं. परिणाम तोच. जवळून ओळखणारे त्याला दयाळू, उदार आणि सोबतीला हपापलेला माणूस म्हणून ओळखत होते. पण त्याला सिग्नल नव्हता. सिग्नल होता रागाला.

मग सिनेमावालेही आले. त्यांनी त्याला भूमिका काय दिली? गिल्बर्ट हार्डिंगची! ‘मीट मिस्टर ल्युसिफर’ (१९५३), ‘सायमन अँड लॉरा’ (१९५५), ‘अ‍ॅन अ‍ॅलिगेटर नेम्ड डेझी’ (१९५५), ‘एक्स्प्रेसो बोंगो’ (१९५९), अशा बऱ्याच सिनेमांत तो स्वतः म्हणूनच दिसतो. यातला ‘मीट मिस्टर ल्युसिफर’ तर टीव्ही हे सैतानाचं खेळणं आहे अशा कल्पनेवरचा विनोदी सिनेमा. टीव्हीची थट्टा करायलाही टीव्हीवरचाच चेहरा लागला.

इथे एक बारीक फरक बघा. नट घरी गेला की भूमिका उतरवून ठेवतो. हार्डिंगची भूमिका त्याच्या नावाचीच होती, ती उतरवून ठेवायची कुठे? अनोळखी लोकांनाही तो भेटला की त्याच्या रागाचा एक नमुना हवा असायचा. त्याला स्वतःला ही प्रसिद्धी पोकळ वाटायची, आणि तसं तो उघड बोलायचाही. केंब्रिजमध्ये शिकलेला, लिहू शकणारा, शिकवू शकणारा माणूस, आणि देशाला तो माहीत होता एका ओळखा-पाहू खेळात चिडणारा म्हणून. दम्याचा त्रास होताच. दारूही खूप प्यायचा.

फ्रेमच्या बाहेरचा हार्डिंग

आता सगळ्यात अवघड भाग. हार्डिंग समलैंगिक होता. तेव्हाच्या इंग्लंडमध्ये पुरुषांमधले समलैंगिक संबंध हा तुरुंगात धाडणारा गुन्हा होता. १९५७ साली वोल्फेंडन समितीने कायदा बदलायची शिफारस केली, पण प्रत्यक्ष बदल झाला १९६७ मध्ये. तो बघायला हार्डिंग राहिला नाही.

म्हणजे विचार करा. ज्याची अख्खी कारकीर्द स्वतः म्हणून दिसण्यावर उभी आहे, त्याला स्वतःबद्दलची एक मूळ गोष्ट उच्चारायलाही बंदी. एक शब्द बाहेर गेला असता तर काम गेलं असतं, कदाचित तुरुंगही झाला असता. तो टीव्हीवर खोटं वागत होता असं मला म्हणायचं नाही. राग खराच होता. पण तो एका मोठ्या, दुखऱ्या चित्रातला क्रॉप केलेला तुकडा होता. क्रॉप कुठे करायचं हे काही अंशी कॅमेऱ्याने ठरवलं, काही अंशी प्रेक्षकांनी, आणि उरलेलं कायद्याने.

चेहऱ्यावर थांबलेला कॅमेरा

१९५९ मध्ये बीबीसीने ‘फेस टू फेस’ नावाची मुलाखतींची मालिका सुरू केली. मुलाखतकार होता जॉन फ्रीमन, पूर्वीचा खासदार आणि मंत्री. हाच फ्रीमन पुढे १९६५ ते १९६८ भारतात ब्रिटनचा उच्चायुक्त होता. त्याच्यासमोर बर्ट्रांड रसेल बसले, कार्ल युंग बसले, मार्टिन ल्युथर किंग बसले.

या कार्यक्रमाची रचनाच वेगळी होती. फ्रीमन बहुतेक वेळ पाठमोरा. सगळा प्रकाश आणि कॅमेरा पाहुण्यावर. कॅमेरा हळूहळू इतका जवळ जायचा की पडद्यावर फक्त चेहरा उरायचा. ‘व्हॉट्स माय लाइन?’मध्ये हार्डिंगकडे खेळाची ढाल होती, शेजारी तीन जण होते, समोर पाहुणा होता. इथे काहीच नव्हतं. वर्षानुवर्षं प्रश्न विचारणारा माणूस या वेळी उत्तरं देणाऱ्याच्या खुर्चीत होता.

१८ सप्टेंबर १९६० ला त्याची मुलाखत प्रसारित झाली. फ्रीमनने त्याच्या रागाबद्दल विचारलं, एकटेपणाबद्दल विचारलं. मग विषय मृत्यूकडे वळला. हार्डिंगने सांगितलं की मेलेलं असण्याची आपल्याला भीती नाही, मरण्याच्या प्रक्रियेची आहे. त्यानंतर फ्रीमनने विचारलं की कुणाला मरताना तुम्ही जवळून पाहिलंय का. हार्डिंगच्या डोळ्यांसमोर त्याची आई होती. काही वर्षांपूर्वी ती गेली तेव्हा तो तिच्याजवळ होता. त्याचा आवाज चिरकला, डोळे भरले, आणि कॅमेरा चेहऱ्यावरून हटला नाही. ब्रिटनमधल्या सगळ्यात उद्धट माणसाच्या डोळ्यांतलं पाणी घराघरात दिसलं.

यानंतर दोन महिने व्हायच्या आत, १६ नोव्हेंबर १९६० ला, ‘राउंड ब्रिटन क्विझ’चं रेकॉर्डिंग संपवून बाहेर पडताना तो लंडनमधल्या बीबीसीच्या ब्रॉडकास्टिंग हाउसच्या दाराशी कोसळला आणि गेला. कारण दमा. वय ५३.

इथे एक सापळा आहे. मुलाखतीनेच त्याचा जीव घेतला असं लिहिलं तर गोष्ट चटकदार होते. पण एकामागोमाग घडलं म्हणजे एकामुळे दुसरं घडलं, असं होत नाही. हे डेटावाल्यांना पहिल्या आठवड्यात शिकवतात. त्याचा दमा जुना होता, दारू जुनी होती, तब्येत कधीचीच ढासळलेली होती. मुलाखतीवर खून ठोकायची गरज नाही. तिने जे केलं तेवढंही पुरेसं आहे.

काय उरलं?

‘व्हॉट्स माय लाइन?’ बीबीसीवर १९६३ पर्यंत चाललं, पण त्याचे फार मोजके भाग आज शिल्लक आहेत. लाइव्ह गेलं आणि हवेत विरलं. ज्या हजरजबाबीपणामुळे लोक रविवारी टीव्हीसमोर बसायचे तो बहुतेक सगळा गेला. ‘फेस टू फेस’ची मुलाखत मात्र रेकॉर्डिंगमध्ये राहिली. त्यामुळे आज हार्डिंगला शोधायला गेलं की त्याची नऊ वर्षांची कारकीर्द कमी सापडते आणि डोळे भरल्याचा तो क्षण जास्त सापडतो. लोकांनी त्याला कशासाठी लक्षात ठेवावं, हे ठरलं ते काय रेकॉर्ड झालं यावर.

आपल्या बाबतीत उलट झालंय. त्याच्या काळात जपून ठेवणं महाग होतं आणि विसरणं फुकट. आता जपून ठेवणं जवळपास फुकट आहे, आणि एकदा डाउनलोड होऊन पसरलेला व्हिडिओ मागे घेणं कुठल्याही डिलीट बटणाच्या हातात नाही. तुमच्या कॉलेजात असा एखादा मुलगा नक्की असेल ज्याची चिडचिड, अडखळणं किंवा रडणं ग्रुपवर फिरलं आणि मग तीच त्याची ओळख झाली. त्याने तर हार्डिंगसारखं मानधनही घेतलेलं नसतं.

ही मुलाखत एका ग्राफवर मांडली तर कुठे शिखर येईल ते मला माहितीये. त्या प्रश्नावर. आणि ग्राफ बघणाऱ्या कुणालाही पुढचं पाऊल सुचेल की असेच क्षण आणखी हवेत. आकडा चुकीचा नसतो. तो फक्त हे सांगत नाही की समोरच्याच्या मनात त्या वेळी त्याची आई होती. ते बघायचं काम व्हिडिओ बनवणाऱ्याचं आहे, फॉरवर्ड करणाऱ्याचं आहे, आणि आमच्यासारख्या सॉफ्टवेअर लिहिणाऱ्यांचंही आहे.

तुम्ही स्वतः व्हिडिओ करत असाल तर हार्डिंगच्या आयुष्यातून एक साधा नियम घेता येईल. आपल्या कुठल्या गोष्टीला सगळ्यात जास्त व्ह्यूज येतात ते जरूर बघा, पण कॅमेऱ्यासमोर काय कधीच आणायचं नाही याची यादी त्याआधी करून ठेवा. दुसऱ्याचा व्हिडिओ काढत असाल तर त्याची यादी त्याला विचारा.